पंचेचाळीसच का?

सप्टेंबर २०२३ मध्ये वैद्यकीय पदव्युत्तर प्रवेशाची पात्रता शून्य पर्सेंटाइलवर आणली गेली. परीक्षेला बसलेला प्रत्येक जण पात्र ठरला. त्यावर उठलेला गदारोळ आठवतो. एका बाजूचे म्हणणे होते की दर्जा मातीत गेला, आता रुग्णांचे काही खरे नाही. दुसऱ्या बाजूचा सवाल होता, आरक्षणाचा विषय निघाला की दर्जाची काळजी वाहणारे आता कुठे गेले? दोन्ही बाजूंचा राग मला समजतो. पण त्याआधीचा ५० पर्सेंटाइल हा आकडा मुळात आला कुठून, हे कुणी विचारले नाही. तो कशावर उभा होता हेच माहीत नसेल, तर तो खाली आल्यावर नेमके काय कोसळले हे तरी कसे कळणार?

माझी बाजू आधीच सांगते. विद्यापीठ प्रवेशाला किमान गुणांची अट असावी. पण ही अट म्हणजे एक विधान असते: यापेक्षा कमी गुण असलेल्याला हा अभ्यासक्रम झेपणार नाही. जो असे विधान करतो, त्याने ते सिद्ध करायला हवे. आपल्याकडे कित्येक दशके या अटीवर कज्जे चालू आहेत. त्यातले बहुतेक भांडण अधिकाराचे असते. आकडा केंद्राने ठरवायचा की राज्याने, परिषदेने की विद्यापीठाने? घटनेच्या केंद्रसूचीतली ६६ क्रमांकाची, म्हणजे उच्च शिक्षणाचा दर्जा ठरवण्याची, नोंद मोठी की केंद्र-राज्य दोघांच्या समवर्ती सूचीतली २५ क्रमांकाची, शिक्षणाची? या प्रश्नांवर शेकडो पाने लिहिली गेली. आकडा बरोबर आहे का, हा प्रश्न मात्र 'तज्ज्ञांचा विषय' म्हणून बाजूला ठेवला जातो, आणि तज्ज्ञांना हिशेब कुणी विचारत नाही.

काही वर्षांपूर्वी ओळखीच्या एका मुलीबरोबर इंजिनीअरिंग प्रवेशाच्या कागदपत्र तपासणीला गेले होते. बारावीला फिजिक्समध्ये ४३, केमिस्ट्रीत ४६, गणितात ४५. बेरीज १३४. खुल्या प्रवर्गाला तीन विषयांत मिळून ४५ टक्के लागतात, म्हणजे ३०० पैकी १३५. टेबलावरच्या मुलाने आकडे भरले, पडद्यावर अपात्र असे आले, त्याने पुन्हा भरले, पुन्हा तेच आले. मुलीचे वडील प्लास्टिकची फाईल छातीशी धरून उभे होते. "साहेब, एकच मार्क आहे," ते म्हणाले. "काका, सिस्टीम घेतच नाही," तो म्हणाला, आणि त्याच्याही आवाजात वाईट वाटल्याचे कळत होते.

बाहेर व्हरांड्यात आम्ही गुणपत्रक पुन्हा उलगडले. फिजिक्सच्या ४३ मध्ये लेखी २२ आणि प्रात्यक्षिकाचे ३० पैकी २१. केमिस्ट्रीत २४ आणि २२. गणितात लेखी ३१, अंतर्गत २० पैकी १४. तिच्या कॉलेजात प्रात्यक्षिके खरोखर होत. मास्तर कडक होते, जर्नल अपुरे असेल तर गुण कापत. ज्यांनी बारावीची प्रात्यक्षिके पाहिली आहेत त्यांना सांगायला नको, की अनेक ठिकाणी ३० पैकी २७-२८ गुण हजेरीपटावरच्या नावाला मिळतात. त्या मुलीने तशा एखाद्या कॉलेजात नाव घातले असते, तर लेखी परीक्षेतले तेच ७७ गुण घेऊन ती सहज पात्र ठरली असती. म्हणजे त्या दिवशी तिला अडवले ते गणित-विज्ञानाच्या अज्ञानाने नव्हे, शिक्षकांच्या प्रामाणिकपणाने. ३०० पैकी ८० गुण घरच्याच कॉलेजच्या हातात असताना एका गुणावर आयुष्याची दिशा ठरवणाऱ्या रेषेला 'गुणवत्तेची रेषा' म्हणावे का?

यावर जे उत्तर येते ते मी पुरेशा गांभीर्याने घेते. रेषा कुठेतरी ओढावीच लागते. ४५ ची ४४ केली तर उद्या ४३.६७ वाला फाईल घेऊन उभा राहील, आणि त्याचेही दुःख तितकेच खरे असेल. ओडिशातल्या न्यायिक सेवेच्या परीक्षेत एका उमेदवाराला ४४.९३ टक्के होते, हवे होते ४५. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितले, नियमात तरतूद नसेल तर पूर्णांकात रूपांतर करता येणार नाही. पुढच्याच वर्षी कर्नाटकातल्या नर्सिंगच्या पदव्युत्तर प्रवेशात ५४.७१ चे ५५ धरायलाही न्यायालयाने नकार दिला. हे निकाल मला पटतात. एकाला माणुसकीने अर्धा टक्का वाढवून दिला, की दुसऱ्याला नाकारताना न्यायाधीशाकडे कारण उरत नाही. ज्याला वकील परवडतो त्याची रेषा खाली आणि ज्याला परवडत नाही त्याची वर, असे होऊन बसेल. त्या मुलीसाठी रेषा वाकवावी असे मी तेव्हाही म्हटले नाही आणि आजही म्हणत नाही.

दुसरा मुद्दा याहून वजनदार आहे. किमान गुणांची अट नसेल तर प्रवेश कुणाला मिळेल? गरिबाला नव्हे, पैसेवाल्याला. व्यवस्थापन कोट्यात जागा विकत घेणाऱ्याच्या वाटेत उभी असलेली ही बहुधा शेवटची भिंत आहे. ती पाडा म्हणणाऱ्यांनी खाजगी वैद्यकीय महाविद्यालयांची फी एकदा पाहावी. आणि बीजगणित कच्चे असलेल्या मुलाला इंजिनीअरिंगच्या पहिल्या वर्षात बसवणे ही त्याच्यावर दया नसते. एटीकेटीच्या फेऱ्यांत चार वर्षांची सहा होतात, बापाचे कर्ज वाढते, शेवटी पदवीही हातात येत नाही. म्हणून अट असावी हे मी मनापासून म्हणते. पण मग ती सर्वांना सारखीच टणक हवी ना?

इथे आपली खरी लबाडी सुरू होते. एका गुणाने हुकलेल्या विद्यार्थ्यासाठी रेषा दगडाची असते. रिकाम्या राहिलेल्या जागेसाठी ती रबराची होते. कर्नाटकातल्या तांत्रिक विद्यापीठाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये स्पष्ट म्हटले होते की जागा रिकाम्या राहतात हे पात्रता खाली आणण्याचे कारण होऊ शकत नाही. फेब्रुवारी २०२० मध्ये आयुर्वेद आणि अन्य भारतीय चिकित्सा पद्धतींच्या पदवी प्रवेशाबाबत न्यायालय असेच ठाम राहिले. एका वर्षानंतर, फेब्रुवारी २०२१ मध्ये, दंतवैद्यकाच्या सुमारे ७,००० जागा रिकाम्या होत्या म्हणून त्याच न्यायालयाने 'नीट' या वैद्यकीय-दंतवैद्यकीय प्रवेश परीक्षेची पात्रता १० पर्सेंटाइलने खाली आणायला सांगितले. त्या निकालाला आधार होता हे मान्य करायला हवे: पुरेसे उमेदवार नसतील तर पात्रता कमी करण्याची मुभा नियमातच होती, आणि डेंटल कौन्सिलने तशी शिफारसही केली होती. पण मग नियमच असे सांगतो की ग्राहक कमी पडले तर दर्जा कमी करता येतो. ५० पर्सेंटाइलच्या खालचा विद्यार्थी दंतवैद्य व्हायला असमर्थ असेल, तर जागा रिकामी राहिल्याने तो समर्थ कसा होतो? आणि तो समर्थ असेल, तर आदल्या वर्षी त्याला बाहेर का ठेवले होते?

नीटचा हा ५० समजून घेण्यासारखा आहे. मेडिकल कौन्सिलच्या १९९७ च्या नियमांत एमबीबीएससाठी फिजिक्स, केमिस्ट्री, बायॉलॉजीत मिळून ५० टक्के गुण लागत, बारावीतही आणि प्रवेश परीक्षेतही. राखीव प्रवर्गांना ४०. नीट आल्यावर प्रवेश परीक्षेपुरते त्या ५० टक्क्यांचे ५० पर्सेंटाइल झाले. आकडा तोच राहिला आणि अर्थ पार बदलला. टक्के सांगतात की तुला किती येते. पर्सेंटाइल सांगतो की तू कितीजणांच्या पुढे आहेस. २०२५ च्या नीटमध्ये खुल्या प्रवर्गाची पात्रता ७२० पैकी १४४ वर आली, म्हणजे बरोबर २० टक्के. पेपर सोपा निघाला की रेषा चढते, अवघड निघाला की उतरते. स्पर्धेसाठी हे माप उत्तम आहे. पण 'डॉक्टर व्हायला किमान इतके यायलाच हवे' असे म्हणण्यासाठी ते मापच नाही. शून्य पर्सेंटाइलवर ज्यांनी दर्जाच्या नावाने आक्रोश केला, त्यांनी किमान दर्जाचे हे माप आधी कधी हटकले होते का?

या गोंधळाचे मूळ एका शब्दात आहे. 'कटऑफ' म्हणताना आपण दोन वेगळ्या गोष्टी एकाच नावाने बोलतो. एक, पात्रतेची अट, जी परीक्षेआधी ठरते. दुसरी, शेवटच्या जागेवर बसलेल्याचे गुण, जे प्रवेश संपल्यावर कळतात. जवाहरलाल नेहरू विद्यापीठात हाच गोंधळ झाला होता. इतर मागासवर्गीयांना खुल्या प्रवर्गाच्या कटऑफपेक्षा दहा टक्क्यांची सवलत द्यायची, यातला 'कटऑफ' विद्यापीठाने शेवटच्या प्रवेशित विद्यार्थ्याचे गुण असा धरला. खुल्या प्रवर्गात चुरस जितकी वाढेल तितकी मागासवर्गीयांची पात्रताही आपोआप वर चढू लागली, आणि रिकाम्या राहिलेल्या त्यांच्या जागा खुल्या प्रवर्गाकडे वळू लागल्या. आयआयटी मद्रासचे माजी संचालक पी. व्ही. इंदिरेसन यांच्या याचिकेवर न्या. रवींद्रन यांच्या खंडपीठाने ऑगस्ट २०११ मध्ये हा गुंता सोडवला: सवलत मोजायची ती किमान पात्रतेपासून, शेवटच्या विद्यार्थ्याच्या गुणांपासून नव्हे. हा निकाल फारसा लक्षात ठेवला जात नाही याचे मला वाईट वाटते. पात्रता आणि स्पर्धा यांतली सीमा इतकी नेमकी क्वचितच आखली गेली आहे.

नेमकी आखली गेली, आणि दोनच वर्षांत पुसली गेली. जून २०१२ च्या 'नेट' या प्राध्यापकांच्या पात्रता परीक्षेला बसणाऱ्यांना प्रत्येक पेपरात किती गुण हवेत ते आधी सांगितले होते: खुल्या प्रवर्गाला पहिल्या दोन पेपरांत ४० टक्के, तिसऱ्यात ५०. निकालाच्या वेळी विद्यापीठ अनुदान आयोगाने एकूण गुणांची नवी अट घातली: खुल्या प्रवर्गाला ६५ टक्के, इतर मागासांना ६०, अनुसूचित जाती-जमाती व अपंगांना ५५. केरळ उच्च न्यायालयात आणि आपल्या नागपूर खंडपीठात उमेदवार जिंकले. सप्टेंबर २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आयोगाची बाजू उचलून धरली. अंतिम निकष निकालापूर्वी ठरवले जातील असे वाक्य जाहिरातीत होते, आणि शैक्षणिक बाबी तज्ज्ञांवर सोपवाव्यात, हा युक्तिवाद मान्य झाला. वाक्य होते, हे खरे. पण नेट ही नोकरीसाठीची निवड नाही. प्राध्यापक व्हायला लागणारी किमान पात्रता आहे. किमान किती हवे हे परीक्षा झाल्यावर, कुणाला किती मिळाले ते पाहून ठरत असेल, तर त्यातले 'किमान' कुठे राहिले? आज तर परीक्षेला बसलेल्यांपैकी ६ टक्क्यांना पात्र ठरवले जाते. सगळे उत्तम निघाले तरी ६, सगळे सुमार निघाले तरी ६.

आरक्षणाच्या बाजूने बोलणाऱ्या माझ्या मित्रांनाही मला काही सांगायचे आहे. किमान गुण म्हणजे वरच्या जातींनी बांधलेली भिंत, असे म्हणून विषय संपवणे मला पटत नाही. १९८१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशचा एक निर्णय वैध ठरवला. त्यात अनुसूचित जाती-जमातींसाठी वैद्यकीय प्रवेश परीक्षेतली किमान गुणांची अट पूर्ण काढली होती. न्यायालयाचा विचार उदार होता: आत आलेला विद्यार्थी तीच अंतिम परीक्षा देतो, मग दाराशी अडवायचे कशाला? १९९९ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हा विचार नाकारला. बहुमताचा निकाल लिहिणाऱ्या न्या. सुजाता मनोहर आपल्या मुंबई उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्ती होत्या. उत्तर प्रदेशात पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशाला खुल्या वर्गाला ४५ आणि राखीव वर्गाला २० टक्के ही तफावत फार मोठी आहे, असे त्या निकालाने म्हटले. अंतिम परीक्षा सर्वांची एक असते हे उत्तर पुरेसे नाही, यावर मी त्यांच्याशी सहमत आहे. संस्था स्वतःच शिकवते आणि स्वतःच तपासते, तिथे शेवटच्या परीक्षेवर किती विसंबायचे? पण मग योग्य तफावत किती? ते मेडिकल कौन्सिलने ठरवावे, असे न्यायालयाने सांगितले. चाक फिरून पुन्हा तज्ज्ञांच्या दारात. एमबीबीएसला दहाची तफावत, इंजिनीअरिंगला ४५ आणि ४० म्हणजे पाचाची, पीएच.डी.ला ५५ आणि ५० म्हणजे पुन्हा पाचाची. शरीरशास्त्र शिकायला दहा आणि स्थापत्यशास्त्र शिकायला पाच, यामागचे शास्त्र कोणते?

या चर्चेत आपल्याकडे बाबासाहेबांचे उदाहरण हमखास येते. १९०७ साली ते मॅट्रिक झाले तेव्हा त्यांना ७५० पैकी २८२ गुण होते. ३७.६ टक्के. आजची अट तेव्हा असती तर कोलंबियाही नसते आणि घटनाही नसती, असे म्हणून टाळ्या घेतल्या जातात. मला त्या टाळ्यांत सामील होता येत नाही, कारण युक्तिवाद कच्चा आहे. तेव्हाचे ३७ आणि आताचे ३७ एक नव्हेत. त्या काळी मॅट्रिक नुसती उत्तीर्ण होणे हीच मोठी गोष्ट होती. पण याच कारणासाठी त्या २८२ कडे नीट पाहावे. मॅट्रिक ही मुंबई विद्यापीठाची स्वतःचीच प्रवेश परीक्षा होती. १८५९ मध्ये पहिल्यांदा झाली, आणि त्या पहिल्या तुकडीत न्यायमूर्ती रानडे होते. विद्यापीठ स्वतः पेपर काढी, स्वतः तपासी, आणि पुढे काय शिकवायचे आहे हे ठाऊक असलेली माणसे उत्तीर्णतेची रेषा ठरवीत. गुण कमी पडत, पण त्यांना अर्थ होता. आज रेषा ओढणारा एक, गुण देणारे अनेक, आणि शिकवणारा तिसराच. कोविडमुळे २०२१ मध्ये आपल्या मंडळाने बारावीची परीक्षा न घेता दहावी, अकरावी आणि बारावीच्या कामगिरीवरून ३०:३०:४० असे गुण दिले. निकाल ९९.६३ टक्के लागला. त्या वर्षाचे ४५ आणि आदल्या वर्षाचे ४५ एकाच तराजूत घालणारी सिस्टीम मात्र तीच होती.

कर्झनच्या विद्यापीठ विधेयकाला गोपाळ कृष्ण गोखल्यांनी विरोध केला तो याच वादाचा जुना अवतार होता. सरकारचे म्हणणे दर्जा उंचावण्याचे होते. गोखल्यांचे म्हणणे असे की शिक्षण सर्वोच्च दर्जाचे असेल तर उत्तमच, पण तसे नसले म्हणून ते नाकारू नये. फर्ग्युसनमध्ये वर्षानुवर्षे शिकवलेला माणूस हे बोलत होता. दर्जाची त्याला पर्वा नव्हती असे कोण म्हणेल? दर्जाच्या नावाखाली दार लोटणाऱ्याने आधी कारण द्यावे, एवढाच त्याचा आग्रह मला त्यात दिसतो.

पुरावा मिळवणे अवघड आहे का? मुळीच नाही. प्रत्येक विद्यापीठाच्या संगणकात दोन रकाने आहेत: विद्यार्थी आत आला तेव्हाचे गुण, आणि पुढे त्याचे काय झाले. ४५ ते ५० च्या पट्ट्यातले किती जण चार वर्षांत पदवीधर झाले, ६० ते ६५ मधले किती, राखीव प्रवर्गातले ४० ते ४५ चे किती, आणि त्यांना पहिल्या वर्षी जादा शिकवणी दिली तिथे काय फरक पडला, हे नावे झाकून दर पाच वर्षांनी छापता येईल. एक नामी संधी तर आपण हातची घालवली. आयआयटी प्रवेशासाठी बारावीला ७५ टक्क्यांची अट असते. कोविडमुळे २०२०, २०२१ आणि २०२२ अशी सलग तीन वर्षे ती शिथिल होती. त्या तीन तुकड्या जेईई देऊनच आत आल्या होत्या. २०२३ मध्ये अट परत आली, विद्यार्थी न्यायालयात गेले, आणि न्यायालयाने हस्तक्षेप केला नाही. ७५ टक्क्यांखालची ही मुले वर्गात मागे पडली की नाही, हे अट परत लावण्यापूर्वी तपासून लोकांपुढे मांडायला नको होते? पडली असतील तर अट योग्य आणि वादच मिटला. पडली नसतील तर ती अट नेमके कुणाला बाहेर ठेवत होती, ते तरी कळले असते.

न्यायालयांनी आकडा ठरवू नये, हे मला मान्य आहे. पण आकडा ठरवणाऱ्याला 'तुमच्याकडे काय आहे ते दाखवा' असे म्हणणे म्हणजे आकडा ठरवणे नव्हे. एखाद्या गावातली शाळा बंद करताना सरकारला पटसंख्या दाखवावी लागते. हजारो मुलांना विद्यापीठाच्या दाराबाहेर ठेवताना एक तक्ताही दाखवावा लागू नये? पुढची याचिका कुणी करणार असेल तर माझी एवढीच विनंती आहे: अट रद्द करा, असे मागू नका. अटीमागचा तक्ता मागा, तो परीक्षेआधी प्रसिद्ध व्हावा असे मागा, आणि एकदा लागलेली अट त्या वर्षात कुणासाठीही हलू नये असे मागा, रिकाम्या जागांसाठीसुद्धा.

तो तक्ता उद्या माझ्या मनाविरुद्ध निघू शकतो. इंजिनीअरिंगला ४५ कमीच आहेत, ५० हवेत, असेही त्यातून दिसेल. तसे दिसले तर मी ५० च्या बाजूने उभी राहीन. त्या दिवशी व्हरांड्यात मुलीच्या वडिलांनी फाईल मिटत मला विचारले होते, "ताई, पण पंचेचाळीसच का?" माझ्याकडे उत्तर नव्हते. टेबलावरच्या मुलाकडे नव्हते. आत केबिनमध्ये बसलेल्या प्राचार्यांना विचारले, त्यांनी नियमाची प्रत काढून दाखवली. त्यात आकडा होता.